टास्मानियातला विजेचा वणवा: विझवायचा की जळू द्यायचा?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. तुम्ही पुण्यात दर उन्हाळ्यात टेकड्यांवरचे वणवे विझवायला जाता. मुलगा मेलबर्नला असल्यामुळे एकदा ऑस्ट्रेलियाच्या दक्षिणेच्या टास्मानिया बेटावर जाऊन ओव्हरलँड ट्रॅक ही लांब पायवाट चालून आलात. फेब्रुवारी २०२५ मध्ये त्या बाजूला विजा पडून वणवे लागले, ट्रॅक बंद झाला, आणि त्या बातम्या वाचताना तुम्हाला दोन गोष्टी खटकल्या. वीज निसर्गाची, रानही निसर्गाचं, आसपास वस्ती नाही, मग हेलिकॉप्टरं लावून ती आग विझवायची कशाला? आणि विझवायचीच होती तर पहिल्याच दिवशी, ठिणगी असतानाच का नाही विझवली?

दोन्ही प्रश्न रास्त आहेत. मी अकोल्याला वनशास्त्र शिकले, मेळघाटात तीन उन्हाळे वणव्याच्या कामात काढले आणि गेली चौदा वर्षं टास्मानियात दुर्गम भागातल्या वणव्यांवर काम करते आहे. आधी जमिनीवरच्या तुकडीत होते, आता नियोजनात आहे. इथे आले तेव्हा तुमचा पहिला प्रश्न मीही विचारला होता, जवळजवळ याच शब्दांत.

आग कोणी लावली हा प्रश्न नंतर, चौकशीच्या वेळी येतो. पहाटेच्या बैठकीत नकाशावर नवे ठिपके दिसतात तेव्हा आम्ही एवढंच विचारतो: वारा ज्या दिशेला आग नेईल तिथे काय उगवलेलं आहे, आणि ते जळालं तर परत येईल का? तुमच्या दोन्ही प्रश्नांची उत्तरं यातच आहेत.

महाराष्ट्रात आपल्याला हा विचार सहसा करावा लागत नाही. आपल्याकडचा वणवा जवळपास नेहमी माणसाच्या हातून लागतो. मोहाची फुलं वेचायला सोपं जावं म्हणून झाडाखालचा पाला पेटवला जातो, तेंदूला नवी पालवी फुटावी म्हणून काडी लावली जाते, कुणी बांध जाळतो आणि आग रानात शिरते, कुणी बिडीचं थोटूक टाकतो. वीज आपल्याकडेही पडते, पण वळवाची वीज पाऊस घेऊन येते; लागलेली आग बहुतेक वेळा तो पाऊसच विझवतो. त्यामुळे ‘माणसाची आग वाईट, निसर्गाची आग असली तर चालेल’ असं एक गणित आपल्या मनात बसलेलं असतं. शिवाय सागाच्या रानात आग जमिनीलगत पळते, पाला खाते, आणि पाऊस पडला की महिन्याभरात रान हिरवं दिसायला लागतं. नुकसान होतं, रोपं मरतात, पक्ष्यांची अंडी जातात, पण मोठी झाडं बहुतेक तगतात. टास्मानियात हे गणित लागू पडत नाही.

टास्मानियाचं जागतिक वारसा असलेलं रान सुमारे १५,८०० चौरस किलोमीटर आहे, म्हणजे जवळपास पुणे जिल्ह्याएवढं. बेटाचा जवळजवळ पाव हिस्सा. त्यातल्या मोठ्या भागात रस्ता सोडाच, पायवाटही नाही. १९८२ मध्ये त्याला युनेस्कोचा दर्जा मिळाला, पुढे हद्द वाढत गेली. पण ‘रान’ हा एक शब्द इथे पुरत नाही. एकाच डोंगराच्या कुशीत चार वेगवेगळी रानं एकमेकांना चिकटून असतात आणि प्रत्येकाचं आगीशी नातं वेगळं असतं.

पश्चिमेच्या मैदानांवर बटनग्रास आहे. नावात ग्रास असलं तरी ते खरं लव्हाळ्याच्या कुळातलं. कमरेएवढे झुबके, आणि लांब दांड्यांच्या टोकाला गोल बटनासारखे बोंड. या झुबक्यात वाळलेली पाती वर्षानुवर्षं साठून राहतात. पाऊस पडून गेल्यावर दोन दिवसांतसुद्धा, खाली बुटात पाणी शिरत असताना, वरचं गवत भडाभडा पेटतं. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा माझा डोळ्यांवर विश्वास बसला नव्हता: पायाखाली चिखल आणि समोर माणसाहून उंच ज्वाळा. पण बुंधा जिवंत राहतो आणि थोड्याच आठवड्यांत काळ्या झुबक्यातून हिरवी पाती वर येतात. महापुरात झाडं जातात आणि लव्हाळं वाचतं हे आपण लहानपणापासून ऐकतो; इथे ते आगीत घडताना दिसतं. या मैदानांवर आग हा शत्रू नाही. तिथल्या कितीतरी वनस्पतींना आणि प्राण्यांना अधूनमधून ती लागतेच.

दुसरं रान निलगिरीच्या कुळातल्या झाडांचं. ती जळतात, खोडातून नव्या फुटव्यांनी परत येतात किंवा राखेत बी टाकून नवी पिढी उभी करतात. तीव्र आग वारंवार आली तर त्यांचंही कठीण होतं, पण एका आगीनं संपत नाहीत. तिसरं, दऱ्यांतलं थंड वर्षावन. शेवाळानं मढलेलं, कायम ओलं. नेहमीच्या वर्षी मैदानातून आलेली आग याच्या कडेला येऊन स्वतःच मरते.

आणि चौथं, वरच्या पठारावर, थंड तळ्यांच्या काठी, खडकांच्या आडोशाला असलेलं पेन्सिल पाइनचं रान.

यावर मी जरा थांबणार आहे, कारण तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर हे झाड आहे. पेन्सिल पाइन टास्मानियाबाहेर जगात कुठेही रानात उगवत नाही. त्याचा वंश गोंडवनापर्यंत मागे जातो, म्हणजे भारत, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका एकाच भूखंडाचे भाग होते त्या काळापर्यंत. एकेक झाड हजार वर्षांहून जास्त जगतं, आणि इतकं हळू वाढतं की मनगटाएवढ्या जाडीच्या झाडालाही पोर म्हणायची सोय नसते. साल पातळ. एकदा आग खोडाला लागली की झाड मरतं. जमिनीत बियांचा साठा राहत नाही. भरघोस बी काही वर्षांतून एकदाच येतं, ते फार लांब जात नाही, आणि उगवलेलं रोप वॉलबी (कांगारूसारखे छोटे प्राणी) आणि ससे खाऊन टाकतात. १९६०-६१ च्या उन्हाळ्यात मध्य पठारावर मोठी आग झाली होती. त्या आगीत मेलेल्या पेन्सिल पाइनचे पांढरे सांगाडे आजही उभे आहेत. साठ वर्षं उलटून गेली, आणि त्या सांगाड्यांच्या पायाशी कितीतरी ठिकाणी एकही नवं झाड नाही.

आता विचार करा. एखाद्या जागी हजार वर्षांची झाडं उभी आहेत, आणि ती आगीत मरतात, तर याचा अर्थ त्या जागी हजार वर्षांत तशी आग गेलेलीच नाही. तळं, खडकांचे ढिगारे, दक्षिणेचा सावलीतला उतार (इथे दक्षिण गोलार्धात दक्षिणेचा उतार थंड आणि ओला असतो, आपल्या उलट), पाण्यानं भरलेली शेवाळाची दलदल, यांनी ती जागा राखली. विजा तेव्हाही पडत होत्या. मग आता आग तिथवर पोचते आहे ती कशी? ज्याला तुम्ही ‘निसर्गाची आग’ म्हणता, ती त्या झाडांच्या आयुष्यात कधी न आलेली आग आहे.

१३ जानेवारी २०१६ ला इथे एक वादळ आलं आणि एका दिवसात डझनावारी आगी लागल्या. त्याआधीचा वसंत ऋतू टास्मानियाच्या नोंदींतला सगळ्यात कोरडा होता. जलविद्युतच्या धरणांत पाणी इतकं कमी झालं होतं की राज्यापुढे विजेचा प्रश्न उभा राहिला होता. पठारावरच्या लेक मॅकेन्झीच्या बाजूची आग पसरत पसरत पेन्सिल पाइनपर्यंत गेली. त्या वर्षी वारसा क्षेत्राचा जळालेला भाग सव्वा-दीड टक्काच होता. टक्का ऐकून लोक म्हणायचे, एवढंच ना? पण कोणता टक्का, ते त्या आकड्यात दिसत नाही.

मी तिथे होते. आग पुढे सरकून गेल्यावर आमचं काम मागे धुमसणाऱ्या जागा शोधण्याचं होतं. एका छोट्या तळ्याकाठी पाइनचा एक गट उभा होता, साल कोळशासारखी, फांद्यांच्या टोकांना तांबूस पडलेली पानं. त्या गटाखाली शेवाळाची जाड उशी असते, चालताना पाय हळूच खाली जातो. ती उशी गेली होती. मुळं उघडी पडली होती, आणि त्यांच्या मध्ये राखाडी राखेनं भरलेले खड्डे. वरून सगळं थंड. पहाटे त्या राखेवर दंव पडलेलं. मी हातमोजा काढून हाताची मागची बाजू राखेवरून फिरवली, काही नाही. मग बोटं आत घातली, आणि पंजा बुडेपर्यंत आत गेल्यावर चटका बसला. उकरलं तेव्हा ओल्या गोवरीच्या धुरासारखा वास आला. आग झाडाखालून, जमिनीच्या पोटातून चालली होती.

हे पीट. अर्धवट कुजलेल्या वनस्पतींची काळी, स्पंजासारखी माती. थंडी आणि पाणी यांमुळे इथे पाला पूर्ण कुजत नाही, साठत जातो. काही सेंटिमीटर थर व्हायला शतक लागतं. ही माती एरवी पाण्यानं भरलेली असते, म्हणून ती जळत नाही, उलट आग अडवते. पण महिनोन्‌महिने पाऊस कमी झाला की ती कोरडी पडते, आणि मग जमीन हेच इंधन होतं. अशा ठिकाणी आग लागून गेली की खाली उघडा खडक राहतो. त्यावर पाइन तर सोडाच, शेवाळही कधी येईल सांगता येत नाही.

म्हणून पहिल्या प्रश्नाचं माझं उत्तर: बटनग्रासच्या मैदानात वीज पडली, जमीन ओली आहे, पुढे नदी किंवा ओलं वर्षावन आहे आणि तीन दिवसांत पाऊस दिसतो आहे, तर मी ती आग जळू देईन. लक्ष ठेवीन, पण माणसं पाठवणार नाही. तीच वीज, तेच मैदान, पण वर्ष कोरडं आणि वाऱ्याच्या पुढच्या अंगाला पेन्सिल पाइन किंवा त्याचा भाऊबंद किंग बिली पाइन. तर जे हाताशी आहे ते सगळं तिथे लावीन. दोन्ही आगी निसर्गाच्याच. माती किती कोरडी आहे हे मोजायला इथे जुना निर्देशांक आहे, १९७०च्या दशकात टास्मानियातच तयार झालेला. त्या आकड्यावर आमचे निम्मे निर्णय ठरतात. बाकीचे निम्मे वाऱ्यावर, आणि त्या दिवशी इतरत्र काय पेटलं आहे त्यावर.

आता तुमचा दुसरा प्रश्न: पहिल्याच दिवशी का नाही?

आधी ही वीज कशी असते ते सांगते. ऑस्ट्रेलियाच्या मुख्य भूमीवरून तापलेली कोरडी हवा समुद्र ओलांडून बेटावर येते, मागून थंड हवेचा पट्टा येतो. ढग उंचावर तयार होतात. त्यांतून पाऊस पडतोही, पण खालच्या कोरड्या हवेत तो जमिनीवर पोचण्याआधीच विरून जातो. दुरून पाहिलं तर ढगाखाली राखाडी पडदा लोंबताना दिसतो आणि तो मध्येच संपतो. वीज मात्र खाली येते. याला आम्ही कोरडी वीज म्हणतो. त्यातही प्रत्येक वीज आग लावत नाही. जिच्यात प्रवाह क्षणभर जास्त टिकतो, ती लाकूड पेटवते. १५ जानेवारी २०१९ ला अशा एका दिवसात बेटावर दोन हजारांहून जास्त विजा नोंदल्या गेल्या. विजा कुठे पडल्या ते यंत्रणेत लगेच दिसतं. त्यांतल्या कोणत्या साठ-सत्तर आगी होणार हे मात्र यंत्रणा सांगत नाही.

मग दुसऱ्या दिवशी विमान आणि हेलिकॉप्टर पाहणीला निघतात. धूर दिसला तर नोंद. पण कित्येक विजा पीटमध्ये किंवा पोकळ खोडात शिरून धुमसत बसतात, धूर इतका बारीक की धुक्यात मिसळून जातो. पाच दिवसांनी, कधी दोन आठवड्यांनी, वारा सुटला की ती वर येते. तुमच्याकडे उपग्रहावरून आलेली वणव्याची सूचना वनरक्षकाच्या मोबाइलवर येते, ती व्यवस्था उत्तम आहे आणि मेळघाटात तिनं आमचं काम फार सोपं केलं होतं. पण उपग्रहाला ज्वाळेची उष्णता दिसते. ढगाखाली, मातीच्या आत धुमसणारी आग त्याला दिसत नाही.

आणि समजा सगळ्या आगी दिसल्या. साठ आगी, हेलिकॉप्टरं मोजकी, दुर्गम भागात उतरायचं प्रशिक्षण असलेली माणसं त्याहून मोजकी. त्याच वेळी एखादी आग गावाकडे निघालेली असते, आणि हेलिकॉप्टर आधी गावाकडे जातं. जायलाच हवं, यात मला कधी शंका वाटली नाही. माणसाचा जीव आधी. पण त्याचा अर्थ असा की त्या दिवशी पठारावरची आग थांबून राहते, आणि ती किती वेळ थांबून राहील हे आमच्या हातात नसतं.

२७ डिसेंबर २०१८ ला दक्षिण-पश्चिमेला गेल नदीच्या खोऱ्यात वीज पडून आग लागली. सुरुवातीला ती आटोक्यात आल्यासारखी वाटली. मग वारा फिरला, आणि ४ जानेवारीला होबार्ट शहरावर भरदुपारी नारिंगी अंधार पसरला, लोकांनी दिवे लावले. त्या उन्हाळ्यात बेटावर सुमारे २ लाख हेक्टर जळालं. इथल्या वाऱ्याची एक खोड तुम्हाला माहीत असायला हवी. गरम दिवशी वारा वायव्येकडून असतो, आग आग्नेयेकडे लांब, निमुळती पळते. मग थंड हवेचा पट्टा पोचतो आणि वारा काही मिनिटांत नैर्ऋत्येकडून येतो. आतापर्यंत जी आगीची लांब, शांत बाजू होती, ती सगळीच्या सगळी तोंड होते. किलोमीटरभर रुंदीची आग एकदम दहा किलोमीटर रुंद होऊन चालू लागते. जी बाजू शांत दिसते तिथे माणसं ठेवणं म्हणूनच धोक्याचं असतं.

‘हेलिकॉप्टरनं पाणी टाकलं की झालं’ हा समज इथल्या लोकांचाही असतो. मध्यम हेलिकॉप्टरच्या बादलीत हजार-बाराशे लिटर पाणी येतं. ते ज्वाळा खाली बसवतं. पीटवरून ते वरच्या वर वाहून जातं, कारण वाळलेली पीट पाणी पटकन पीतच नाही. खाली जमिनीवर माणसं नसतील तर तासाभरात आग पुन्हा तिथेच. खरं विझवणं हातानं होतं: एका बाजूला दाताळं आणि दुसऱ्या बाजूला फावड्याचं पातं असलेलं अवजार घेऊन खणायचं, ओली माती वर काढायची, पाणी मिसळून लगदा करायचा, मग हातमोजा काढून हात घालून पाहायचं. एका झाडाच्या मुळाशी दोन माणसांचे चार तास जातात. तुम्ही टेकडीवर ओल्या डहाळ्यांनी आग झोडपता, गवताला ते चालतं. पीटवर तसं केलंत तर निखारे उडून आग पसरते. हे मुद्दाम सांगते, कारण आपल्याकडचे उत्साही लोक इथे मदतीला येतात आणि पहिल्या दिवशी हेच करतात.

या कामात चूक किती महाग पडते ते स्वतःच्या अनुभवावरून सांगते. काही वर्षांपूर्वी एका आगीच्या कडेवरचा माझ्या वाट्याचा पट्टा ‘थंड’ म्हणून मी लिहून दिला. तीन दिवस तपासला होता, उष्णता दाखवणारा कॅमेराही फिरवला होता. नवव्या दिवशी तिथूनच धूर आला. एका आडव्या पडलेल्या ओंडक्याखाली आग मुळातून बाहेरच्या बाजूला गेली होती, आणि त्या ओंडक्याखाली मी हात घातला नव्हता. पाऊस वेळेवर आला म्हणून पुढचं किंग बिली पाइनचं बन वाचलं. तेव्हापासून माझ्या तुकडीत आडव्या ओंडक्याखाली दोन माणसांनी वेगवेगळं पाहिल्याशिवाय ‘थंड’ हा शब्द कुणी लिहीत नाही.

विझवण्याचीही किंमत असते, आणि ती तुमच्या पहिल्या प्रश्नाच्या बाजूनं बोलते, म्हणून प्रामाणिकपणे सांगायला हवी. आग अडवायला बुलडोझरनं जाळरेषा काढली तर पीटवर उमटलेली ती जखम कित्येक दशकं दिसते. म्हणून आत बुलडोझर शक्यतो नेतच नाही. बुटांच्या तळव्याला चिकटलेल्या मातीतून मूळकूज आणणारी फायटोफ्थोरा हा बुरशीसारखा रोगजंतू निरोगी रानात जातो. एका तळ्यातलं पाणी उचलून दुसऱ्या खोऱ्यात टाकलं तर बेडकांना मारणारी बुरशी सोबत जाऊ शकते. आगरोधक रसायनात खतासारखी द्रव्यं असतात, आणि इथली माती मुळातच निकस; तिला खत मिळालं की जे तिथे उगवायला नको तेच फोफावतं. त्यामुळे विनाकारण विझवणं हेही नुकसानच. आम्ही हेलिकॉप्टरमध्ये चढण्याआधी बूट घासून, निर्जंतुक करून चढतो. आग वाट पाहत नसते, तरी ती दहा मिनिटं आम्ही देतो.

सगळ्यात मोलाच्या बनांसाठी अलीकडे दुसरा मार्ग वापरतात. २०१९ मध्ये आणि पुन्हा २०२५ मध्ये जुन्या पाइनभोवती तुषार सिंचनाच्या नळ्या टाकल्या गेल्या. आपल्या शेतात असतं तसंच: तळ्यात पंप, बनाच्या कडेनं पाइप, थोड्या थोड्या अंतरावर फिरते तुषार. आग यायच्या आधी दोन-तीन दिवस जमीन भिजवत ठेवायची, म्हणजे पीट पुन्हा पीटसारखी वागते. शेतकऱ्याच्या घरात वाढल्यामुळे मला हे फार जवळचं वाटतं. पण पंपाला इंधन हेलिकॉप्टरनंच पोचवावं लागतं, आणि आग कोणत्या बनाकडे येणार हे आधी ओळखावं लागतं. सगळी बनं अशी राखता येणार नाहीत. कोणती राखायची याची यादी उन्हाळ्याआधी करावी लागते, आणि ती यादी करताना जी नावं खाली सरकतात त्यांचं मला दरवर्षी वाईट वाटतं.

२०१६ नंतर सरकारनं डॉ. टोनी प्रेस यांच्याकडून याचा अभ्यास करून घेतला, आणि या रानातल्या आगीकडे हवामानबदल धरून पाहायला हवं हे तेव्हापासून नियोजनात पक्कं झालं. नोंदी तेच सांगतात. २००० सालाआधी या वारसा क्षेत्रात विजेच्या आगीनं जळणारं क्षेत्र नगण्य असायचं. त्यानंतर विजेच्या आगीही वाढल्या आणि एकेक आग मोठीही होऊ लागली. २०१६, २०१९, २०२५. फेब्रुवारी २०२५ मधल्या वादळानं पश्चिमेला आणि वायव्येला नव्वद हजार हेक्टरांहून जास्त जाळलं. विजेत माणसाचा हात नाही, पण ती ज्या वाळलेल्या जमिनीवर पडते तिच्यात आहे.

‘माणसाचा स्पर्श न झालेलं रान’ ही कल्पनाही मी इथे आल्यावर सोडली. इथले मूळ रहिवासी, पलावा लोक, या भूमीवर किमान पस्तीस ते चाळीस हजार वर्षं राहत आले. बटनग्रासची मैदानं ते ठरवून जाळत: वाटा मोकळ्या राहाव्यात, कोवळ्या गवतावर वॉलबी याव्यात म्हणून. थोडं इथे, थोडं तिथे, ओल्या दिवसांत. त्यामुळे जुनं आणि नवं गवत तुकड्यातुकड्यांनी असे आणि मोठी आग पसरायला सलग इंधन मिळत नसे. १९व्या शतकात त्यांना त्यांच्या भूमीवरून हुसकावून लावलं, आणि ते जाळणंही थांबलं. झुडपं वाढली, मैदान आणि वर्षावन यांच्या मधली कडा दाट झाली. आज शरद आणि वसंत ऋतूंत, खाली माती ओली आणि वर गवत कोरडं असताना, आम्ही मैदानांचे तुकडे ठरवून जाळतो. पलावा समाजातले लोकही आता यात आहेत, आणि माझ्या मते त्यांचा वाटा अजून बराच वाढायला हवा. काडी कधी ओढायची हे मला पुस्तकातल्या तक्त्यापेक्षा त्यांच्यातल्या एका बाईंनी जास्त नीट शिकवलं. गवताची पात मुठीत दाबून ती कशी मोडते ते ऐकायचं, आणि मग बुंध्याशी बोट घालून ओल पाहायची. अशा जाळण्यानं पठारावरचे पाइन थेट वाचत नाहीत, पण खालून वर येणारी आग अडते.

तुम्ही शेवटी विचारलंत की जळालेली बनं परत लावता येणार नाहीत का. बी गोळा करून, रोपं वाढवून, जाळीत बंद करून जळालेल्या जागी लावण्याचे प्रयोग झाले आहेत. हे काम व्हायलाच हवं. पण जिथे पीट उरली आहे तिथेच रोप धरतं, आणि आज लावलेलं रोप कमरेएवढं व्हायलाही मला म्हातारपण येईल.

तुम्ही पुढच्या डिसेंबरात पुन्हा येणार आहात म्हणालात, तर ओव्हरलँडऐवजी वॉल्स ऑफ जेरुसलेम या राष्ट्रीय उद्यानात जा. तिथे डिक्सन्स किंग्डमच्या जुन्या झोपडीशेजारी जिवंत पेन्सिल पाइनचं बन आहे, आत उभं राहता येतं. वाटेच्या सुरुवातीला बूट घासायची सोय आहे, ती वापरा. वारसा क्षेत्रात जवळजवळ सगळीकडे उघड्यावर शेकोटी करायला बंदी आहे, फक्त गॅसची शेगडी. तंबू झाडाखाली लावू नका. मुळं वरच्या वर असतात आणि त्यांच्यावरची शेवाळाची उशी पायानं दबते. निघायच्या आदल्या दिवशी हवामान पाहताना तापमानाबरोबर वाऱ्याची दिशा कधी बदलणार तेही पाहा. वायव्येचा कोरडा वारा आणि मागून येणारा थंड पट्टा असा अंदाज असेल आणि रेंजर ‘आज पुढे जाऊ नका’ म्हणाला, तर वाद न घालता मागे फिरा. त्या दिवशी तुम्हाला शोधायला निघणारं हेलिकॉप्टर तेच असेल, ज्याची वर पठारावर गरज आहे.